‘हाय’ आणि ‘इये’

“घरी दाखवायला? तुझ्या घरी वाचतं कोण रे, पान फाडून न्यायला?” लीलाधरभाऊंनी माझं मनगट धरलं होतं, आणि त्यांचा आवाज असा चढला की पेपर वाचत बसलेले तिघे म्हातारे एकदम वर बघायला लागले. मी म्हटलं, मनगट सोडा. ते म्हणाले, आधी पान काढ. मी म्हटलं, आधी मनगट सोडा. “सोडलं तर पळशील.” “पळायचं असतं तर तुम्हाला धरता आलं असतं का?” हे मी जरा मोठ्यानेच म्हटलं, कारण भाऊंचा एक पाय आखूड आहे आणि ते सगळ्या वाचनालयाला माहीत आहे. म्हातारे परत पेपरात घुसले. भाऊंनी मनगट सोडलं. चिडले नाहीत, तेच वाईट झालं. लंगडत टेबलाकडे गेले, दोन कोरे कागद आणि टाक-दौत आणून माझ्यासमोर ठेवली आणि म्हणाले, “लिही. मी अभिमन उखर्डू, राहणार पिंप्राळ्याचं फाटक, जळगाव. वाचनालयाच्या पुस्तकाचं पान फाडलं. का फाडलं ते लिही, माफी माग. दोन ओळी. मग जा कुठे जायचंय तिथे.” बारा वर्षं ग्रंथपाल आहेत म्हणतात. शिपाईही तेच, झाडणारेही तेच.

दोन ओळींना किती वेळ लागतो? नाव लिहिलं, फाटक लिहिलं, पान फाडलं हेही लिहिलं. ‘का फाडलं’ इथे टाक थांबला. भिंतीवरच्या घड्याळात बारा वाजून दहा मिनिटं झालीत. शिरपूरची एसटी दोनला सुटते. दीडला टांगा आमच्या खोलीपाशी येणार, त्यात माझ्या बापाला उचलून घालणार, आणि माय आणि नाना दोन्हीकडून धरून बसणार. नाना म्हणजे लोटन नाना, माझ्या बापाचा मोठा भाऊ, कालच गावाहून आलाय त्याला न्यायला. इथून फाटक वीस मिनिटं, पळालो तर बारा. म्हणजे मला वेळ आहे. वेळ आहे म्हणूनच बसलोय असं मी सकाळपासून दुसऱ्यांदा स्वतःला सांगतोय. भाऊ आत रजिस्टरं लावतायत. दार उघडं आहे. कोणी मला बांधून ठेवलेलं नाही.

आबाला, म्हणजे माझ्या बापाला, चार महिन्यांपूर्वी अंगावरून वारं गेलं. उजवा हात गेला, उजवा पाय गेला, तोंड वाकडं झालं आणि जीभ गेली. जीभ गेली म्हणजे सगळी नाही. दोन आवाज उरले. एक ‘हाय’. दुसरा ‘ये’, म्हणजे असा जरा ओढून, ‘इये’. सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरने बॅटरी मारून घसा बघितला आणि म्हणाला, बोलणं अडकलंय, जे एखाददुसरं तोंडाला येईल ते येईल, त्याला दरवेळी अर्थ असेलच असं नाही. मायला त्यातलं ‘अर्थ नाही’ तेवढं ऐकू आलं नाही. ती म्हणते, “दिनभर हाय हाय करतस. कोठे दुखस काय माहीत.” हाय म्हटलं की ती उठून पाय दाबायला बसते, तेल लावते, पोट शेकते. आणि ‘इये’ म्हटलं की जवळ जाते, कारण आमच्या बोलीत जवळ बोलवायचं म्हणजे ‘ये’च. जवळ गेलं की आबा डाव्या हाताने ढकलतो. माय परत मागे होते, रडते. “बलावतस आनि जवळ गया की ढकली देतस. हाई काय नवं?” चार महिने आमच्या एका खोलीत हेच चाललंय. हाय, इये, ढकलणं, रडणं. मला राग यायचा. मी उठून बाहेर यायचो. बाहेर म्हणजे इथे.

इथे मी आधीपासूनच येतोय, ते भाऊंना माहीत नाही असं नाही. सकाळी दहाला दप्तर घेऊन यायचो, पाचला दप्तर घेऊन जायचो. शाळा मी आषाढातच सोडली. मॅट्रिकचं वर्ष होतं. इंग्रजीच्या सरांनी पुस्तक कुठाय विचारलं आणि मी पटकन म्हणालो, घर शे, सर, म्हणजे आमच्या बोलीत घरी आहे. वर्ग हसला. हसू दे. पण सर म्हणाले, “शे? शे म्हणजे काय, शेपूट?” आणि मग रोज. हजेरी घेताना ‘अभिमन शे का?’ सातव्या दिवशी मी त्यांचं टेबल ढकललं. दौत त्यांच्या धोतरावर सांडली. हेडमास्तरांनी पालकांना घेऊन ये म्हटलं. मी पालकांना नेलं नाही, आणि स्वतःही गेलो नाही. घरी काही कळलं नाही. दप्तर तर रोज जात होतं.

तर या वाचनालयात सगळ्यात वरच्या फळीवर तीन पुस्तकं आली होती. मुंबईहून कुणी भेट पाठवलेली. एकाच माणसाने लिहिलेली, एकाच आकाराची, तांबडं, निळं, हिरवं. जपानवर. तांबड्यात त्या बेटांचा इतिहास, निळ्यात तिथली तरुण पोरं, हिरव्यात रीतिरिवाज, सण, घरं, जेवण. भाऊंनी ती प्रवासाच्या पुस्तकांत लावली आणि विसरले. मी ती काढली ती जपानसाठी नाही. खालच्या फळ्यांवरचं सगळं माझं वाचून झालं होतं, आणि वरचं काढायला स्टुलावर चढावं लागायचं, आणि स्टुलावर चढायला भाऊ मनाई करायचे, म्हणून. पण निळ्याच्या पहिल्याच पानावर माझ्याएवढ्या पोरांचा फोटो होता. काळे बंद गळ्याचे कोट, डोक्यावर काळी टोपी, मागे जळून गेलेलं शहर, आणि ती पोरं शाळेत निघालेली. एकाच्या पायात दोन वेगवेगळे बूट. मी तो फोटो किती वेळ बघत बसलो. तेव्हा मला पहिल्यांदा आठवलं की हे सगळं माझ्या बापाने बघितलंय.

आबा मराठा पलटणीत होता. बेचाळीसला भरती झाला, आधी इटली, मग लढाई संपल्यावर पलटण बोटीने जपानला नेली, हरलेल्या देशावर पहारा द्यायला. सत्तेचाळीसला परत आला. मी सात वर्षांचा होतो, तेव्हा बाप पहिल्यांदा नीट बघितला. आमचं गाव शिरपूरच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याला. सगळा गाव खळ्यात जमला होता. आजीने विचारलं, “पोऱ्या, भूक लागनी का?” आबा म्हणाला, “हाय.” आणि मान खाली केली, अशी झटकन, जसा कोणी हुकूम ऐकतो. एक क्षण कोणाला कळलं नाही. मग कोणीतरी म्हणालं, “सातारानं पानी पीसन उना रे हाऊ.” सगळा गाव हसला. पलटणीत सगळे साताऱ्याकडचे, कोल्हापूरकडचे. आम्ही ‘शे’ म्हणतो तिथे ते ‘हाय’ म्हणतात, एवढं खानदेशातल्या पोरालाही माहीत असतं. तेव्हापासून आबाचं नावच पडलं, साताऱ्या. पाणवठ्यावर, पारावर, लग्नात. बाया तोंडाला पदर लावून विचारायच्या, “उखर्डू भाऊ, चहा लेशात का?” मुद्दाम विचारायच्या, आणि आबा म्हणायचा, हाय, आणि मान खाली करायचा, आणि त्या हसायच्या. मीही हसायचो. माझा बाप आहे आणि सगळे त्याच्याकडे बघून हसतायत, तर मी हसलो नाही तर माझ्याकडे बघून हसतील, असं काहीतरी सात वर्षांच्या डोक्यात असेल. दुसऱ्या वर्षी आबाने गाव सोडलं आणि जळगावच्या एका कापसाच्या जिनिंगमध्ये राखणदारी धरली. का सोडलं ते कोणी विचारलं नाही. शेत नानाकडे, गुरं नानाकडे. गावाला दिवाळीला जायचं, ते पण मी आणि माय. आबा म्हणायचा, ड्युटी.

तांबडं पुस्तक मी अर्धंच वाचलं. राजे, सरदार, एकमेकांची डोकी उडवणं. एक मात्र लक्षात राहिलं. दोनशेच्या वर वर्षं त्या लोकांनी बेटांची दारं लावून घेतली होती. बाहेरचा आत येणार नाही, आतला बाहेर जाणार नाही. गेला आणि परत आला तर मुंडकं मारायचं. मी असतो तर, असं वाटलं. मी पहिल्याच वर्षी पळालो असतो. पण परत येणाऱ्याला मारायचं, हे मला नीट समजेना. गेलेल्याला मारा ना. परत आलेल्याने काय केलं? त्याच्याजवळ काय असतं असं, की त्याला भ्यायचं?

हिरवं पुस्तक मी जास्त हळू वाचलं, कारण त्यात आबा सापडायला लागला. घराच्या दाराशी वहाणा काढून त्यांची तोंडं बाहेरच्या बाजूला वळवून ठेवतात, असं त्यात होतं. आबा रोज तेच करायचा. आला की वाकून वहाणा वळवायचा. माय चिडायची, आत्ता तर आलात आणि परत निघायची तयारी, असं अवलक्षण घरात नको. ती उलट्या करायची, तो परत वळवायचा, दहा वर्षं. मग होतं की संध्याकाळी कढत पाण्यात गळ्यापर्यंत बसतात. आबा दिवेलागणीला आंघोळ करायचा. कढत पाण्याने, कातडी तांबडी होईपर्यंत, आणि जिनिंगमधले लोक म्हणायचे उखर्डू भाऊ बाटला. मी एकेक वाचत गेलो आणि कोणाला सांगितलं नाही. ते माझं होतं. आबालाही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर मी दिवसभर कुठे असतो ते बाहेर आलं असतं ना. एकदाच फक्त विचारलं, तिथे काय करायचात? आबा ओट्यावर बसून रेल्वेच्या फाटकातून जाणारी मालगाडी बघत होता. डबे मोजायची सवय त्याला. म्हणाला, “एक म्हातारा सुतार व्हता. छावणीना दरवाजा नीट कराले येत जाय. त्यानावर माले पहारा दिन्हा व्हता. आठ महिना.” मी म्हटलं, “काय बोलायचात त्याच्याशी?” “दोन शब्द. बस व्हतात.” “कोणते?” आबा हसला. गाडी गेली, फाटक उघडलं आणि तो ड्युटीवर गेला. मी मागे लागलो नाही. मला वाटलं काहीतरी चहा, विडी असे शब्द असतील.

भाद्रपदात शाळेचा शिपाई जिनिंगच्या फाटकावर आला आणि आबाला म्हणाला, पोरगा दोन महिने दिसत नाही, आजारी आहे का. आबा दुपारीच घरी आला. मी पण त्या दिवशी का कोण जाणे लवकर आलो होतो. मारलं नाही. मारलं असतं तर बरं झालं असतं. दाराशी उभं राहून एवढंच म्हणाला, “कसाले सोडी?” मी काय सांगणार? शे म्हटलं म्हणून हसले, म्हणून सोडली? हे त्या माणसाला सांगायचं ज्याच्यावर गाव एक वर्ष हसलं आणि मीही हसलो? मी उलट चढलो. मला राग आला की आधी तोंड जातं. मी म्हटलं, “तुम्ही काय शिकवलं मला? तुम्हाला तर आपल्या घरचं धड बोलता येत नाही. हाय. हाय. हाय.” आणि प्रत्येक हायला मान खाली केली, त्याच्यासारखी, झटकन. माय चुलीपाशी होती, तिने कपाळावर हात मारून घेतला. आबा वळला, वहाणा घातल्या, त्या बाहेर तोंड करूनच ठेवलेल्या होत्या, त्यामुळे त्याला वाकावंही लागलं नाही, आणि गेला. साडेपाचला त्याला जिनिंगच्या हातगाडीवरून घरी आणला.

मग जीभ सुटेना, सुटेना, आणि अकराव्या दिवशी सुटली तेव्हा पहिला शब्द आला, हाय. माय हरखली आणि लगेच म्हणाली, दुखतंय त्यांना. मी भिंतीला टेकून उभा होतो. मला वाटलं, हा मला बोलतोय. सगळी जीभ गेली आणि मी वेडावून दाखवलेला तेवढाच शब्द ठेवला, माझ्यासाठी. त्यानंतर मी खोलीत असा वावरायचो जसं मध्ये काहीतरी आडवं पडलंय. एकदा माय पाण्याला गेली होती. मी बाजेजवळ गेलो आणि विचारलं, कारण असं कधीतरी विचारावंच लागलं असतं. “आबा, तुमले मना राग शे का?” त्याने माझ्याकडे बघितलं. म्हणाला, “इये.” मी जवळ गेलो. बाजेवर वाकलो. त्याने डावा हात माझ्या छातीवर लावून ढकललं, “इये, इये,” डोळे मोठे करून, लाळ गळत होती. बोलावतोय आणि ढकलतोय. मला उत्तर मिळालं. एवढा राग की धड बोलावताही येत नाही आणि धड हाकलताही येत नाही. त्याच आठवड्यात मी रुपचंद मिस्त्रींना जाऊन भेटलो.

रुपचंद मिस्त्री आमच्या जिनिंगचे फिटर. ते सोमवारी भिलाईला चाललेत. तिकडे लोखंडाचा मोठा कारखाना उभा राहतोय, म्हणाले, हाताला काम आणि डोक्यालाही काम, शाळा-बिळा कोणी विचारत नाही, हातोडी धरता आली पाहिजे. मला नेतो म्हणाले, पण घरचं मिटव, मागून बोलावणं यायला नको. घरचं कसं मिटणार होतं? आबाला उचलायला दोन माणसं लागतात. एक माय, एक मी. कुशीवर वळवणं, बाहेर ओट्यावर बसवणं, आत आणणं. निळ्या पुस्तकात एक प्रकरण होतं की तिथे थोरला मुलगा आईबापाचं घर सोडत नाही, धाकटे सोडतात, आणि आता लढाईनंतरची पोरं म्हणतात आम्हीही सोडणार. एका पोराचं म्हणणं छापलं होतं, ‘मला बाप आवडतो, पण त्याच्याजवळ बसवत नाही.’ मी ते वाचून पुस्तक मिटलं. मला धाकटाही नाही, थोरलाही नाही, मी एकटाच. तेवढ्यात नानाचं पत्र आलं की उखर्डूला गावी घेऊन जातो, इथे खळ्यात बाज टाकू, चार माणसं आहेत उचलायला. मी ते पत्र मायला वाचून दाखवताना माझा आवाज कसा होता ते मला माहीत आहे. माय म्हणाली, “त्यासले तं इचार.”

आज सकाळी विचारलं. नाना बाजेजवळ उकिडवा बसला, धाकट्या भावाचा गेलेला हात हातात घेतला. भला माणूस आहे नाना. म्हणाला, “उखर्डू, आते गावले चाल. तुना खळा शे, तुनं घर शे. चालस ना?” आबा त्याच्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, “इये.” नाना पुढे सरकला. “इये. इये.” नानाच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्याकडे वळून म्हणाला, “दख रे पोऱ्या, माले बलाई राह्यना. ये ये करी राह्यना.” आबाने हात उचलला ढकलायला, पण नानाने तोही हात धरला, दोन्ही हात एकत्र धरले, आणि रडायला लागला. आबाचा चेहरा मला त्या दोघांच्या मधून दिसला. मी बघितला. मला काहीतरी बरोबर वाटलं नाही, पण मला सुटल्यासारखंही वाटलं, आणि ते दुसरं इतकं मोठं होतं की मी पहिल्याकडे बघितलंच नाही. नाना म्हणाला, दोनची गाडी, तू दीडला टांगा आण. मी म्हटलं, आणतो. टांग्याला सांगितलं आणि मग इथे आलो, तीन पुस्तकं शेवटची बघायला, कारण सोमवारी भिलाई.

निळ्याचं शेवटचं प्रकरण राहिलं होतं. शाळेतली पोरं मोठ्यांशी कशी बोलतात. मास्तरांनी हाक मारली की उठून उभं राहायचं, मान लववायची आणि म्हणायचं, हाय. मी पुढे वाचू शकलो नाही. परत तीच ओळ वाचली. खाली लिहिलं होतं, आपल्या ‘होय’ला त्यांच्याकडे ‘हाय’ म्हणतात, आणि ‘नाही’ला ‘इइए’, जे ऐकताना आपल्याला ‘इये’सारखं वाटतं, प्रवाशाला या दोन शब्दांवर बरेच दिवस काढता येतात.

मला आधी हसू आलं, खरं सांगतो. सातारा. एवढं मोठं गाव, पाटील, तलाठी, पलटणीतून परत आलेले दुसरे दोघे, आणि सगळ्यांनी मिळून ठरवलं सातारा. मग हसू गेलं. मग ते सगळे प्रश्न एकामागून एक यायला लागले, चार महिन्यांचे. आबा, तंबाखू मळून देऊ? हाय, आणि माय पोट शेकायला बसायची. आबा, दूध घेता का? इये, आणि ती वाटी घेऊन अजून जवळ जायची, आणि वाटी उडायची. ओट्यावर बसता का? हाय. दार लावू? इये. किती सोपं होतं. आम्ही विचारत होतो आणि तो प्रत्येक वेळी उत्तर देत होता, एकदाही चुकला नाही, आणि आम्ही त्याला तेल लावत होतो. आणि मग तो एक प्रश्न. मना राग शे का? इये. मी वाकलो तेव्हा, इये, इये. नाही. नाही, नाही. छातीवर हात लावून ढकलत होता तो मला नाही, माझ्या न समजण्याला. इथे मला बसवेना. उभा राहिलो, परत बसलो.

आणि मग सकाळचं. चालस ना गावले? इये. इये.

भाऊ, तुम्ही विचारलंत का फाडलं. मी म्हटलं घरी दाखवायला. ते खोटं आहे. दाखवायला फाडायची काय गरज? दोन शब्द तर आहेत, ते मी तोंडानेही सांगू शकतो. मी पान फाडलं, त्याची चार वेळा घडी घातली आणि चड्डीच्या खिशात नाही, मुठीत ठेवलं, आणि माझा विचार असा होता की बाहेरच्या गटारात टाकायचं. कारण हे जळगावात कोणालाच माहीत नाही. शिरपुरात नाही, गावात नाही. हे पान नसलं तर ‘इये’ म्हणजे ‘ये’च. आबा गावाला गेला असता, चार माणसांनी उचलला असता, त्याला खळ्यात ठेवला असता, जिथे अजून त्याला साताऱ्या म्हणतात, आणि त्याने दिवसभर हाय म्हटलं असतं आणि पोरं गोळा झाली असती. नानाने हाकलली असती, पण परत आली असती. आणि मी सोमवारी मिस्त्रींबरोबर. हे सगळं माझ्या डोक्यात तेवढ्यात आलं, पान फाटायला जेवढा वेळ लागतो तेवढ्यात. तुम्ही मनगट धरलंत तेव्हा मी म्हणून एवढा चिडलो. तुमच्या पायावरून बोललो.

भाऊ आत्ताच येऊन गेले. चहाचा अर्धा कप ठेवला. “दोन ओळी सांगितल्या होत्या, दोन्ही कागद पाठपोट भरलेत. एवढी माफी जपानच्या बादशहानेही लिहिली नसेल.” त्यांनी टेबलावरचं चुरगळलेलं पान उघडून वाचलं, चष्मा वर करून. “यात काय आहे? हाय आणि इये. एवढ्यासाठी फाडलंस? मला म्हणाला असतास तर मी तुला तळहातावर लिहून दिलं असतं.” मग म्हणाले, “कोणाला सांगायचं होतं हे?” मी म्हटलं, आमच्या आबाला. ते म्हणाले, “त्याला येतं का वाचायला?” मी म्हटलं, त्यांना येतंच हे. आम्हाला येत नव्हतं. भाऊंनी माझ्याकडे जरा बघितलं, काही समजलं नसावं, एका जुन्या पावतीपुस्तकाची कोरी पानं काढून दिली आणि गेले. जाताना म्हणाले, झालं तेवढं पुरे, जा. मी अजून बसलोय. सरळ लिहायचं तर मी बसलोय कारण मी इथे बसलेला असताना टांगा आपोआप येईल, गाडी आपोआप सुटेल, आणि मग मी म्हणू शकेन की मला अडवून ठेवलं होतं, माफी लिहायला लावली होती.

आता समजा गेलो. नाना मानणार नाही. म्हणेल, पुस्तकातलं जपान आणि आपला उखर्डू, काय बोलतोस. माय मानेल की नाही माहीत नाही. तिला दहा वर्षांच्या वहाणा आठवतील कदाचित. मी आबाला त्यांच्यासमोर विचारीन. आधी असं काहीतरी ज्याचं उत्तर सगळ्यांना माहीत आहे, तुमचं नाव लोटन का, म्हणून. मग तंबाखू. मग गावाचं. तो ‘इये’ म्हणेल तेव्हा नाना पुढे सरकेल, त्याला मी धरीन. मी पण जवळ जाणार नाही. आहे तिथे उभा राहीन आणि ऐकीन. आणि समजा तो गावाला ‘हाय’ म्हणाला, तर मग मीच त्याला उचलून टांग्यात घालीन, आणि सोमवारी जाईन, आणि कोणाचं काही देणं लागणार नाही. पण सकाळचा चेहरा मी बघितलाय. तो ‘हाय’ म्हणणार नाही. मग रोज सकाळी कुशीवर वळवायला दोन माणसं लागतील, एक माय. मिस्त्रींना काय सांगायचं ते मला सुचत नाही. सोमवार अजून लांब आहे. माफीची ओळ राहिलीच आहे, भाऊ, ती उद्या येऊन लिहितो, एक वाजून वीस झाले, मला आता निघायला पाहिजे.